मोजता न येणारं

'अगणनीय' हा शब्द मला पन्नाशी उलटल्यावर सापडला, तोही रद्दीत. इंदूरच्या एका मराठी वाचनालयानं जुनी पुस्तकं काढून टाकली होती. त्या ढिगात गणिताचा एक मराठी परिभाषाकोश होता, बांधणी पार निखळलेला. उभ्या उभ्या चाळताना पहिल्या काही पानांतच तो शब्द दिसला. मी गणिताची मास्तरीण, म्हणजे बेरीज-वजाबाकीची. पण या शब्दाच्या अर्थाशी माझं जुनं वैर होतं. जे इतकं अनंत आहे की त्याला एक, दोन, तीन असं रांगेत उभंच करता येत नाही, ते अगणनीय. तसे एक, दोन, तीन हे आकडेही कधी संपत नाहीत, पण ते निदान रांग लावतात, कोण कितवा ते सांगता येतं. एका रेघेवरचे बिंदू मात्र रांगच लावू देत नाहीत. किती सरळ शब्द होता! गणता येत नाही, म्हणून अगणनीय. त्यात मोजण्याचं नाव नाही. हा शब्द एकविसाव्या वर्षी माझ्या तोंडात असता, तर जुन्या इंदुरातल्या आमच्या घरात एका संध्याकाळी जे झालं ते झालं नसतं. मी त्या ढिगापाशीच रडायला लागले. वाचनालयातल्या बाईंना वाटलं, धूळ गेली डोळ्यांत. त्यांनी बिचाऱ्यांनी पाणी आणून दिलं.

आमच्या घरात हिंदीला उंबऱ्याबाहेर, चपलांपाशी थांबावं लागे. गल्लीत, शाळेत, बाजारात सगळीकडे तिचंच राज्य. आम्हा पोरांच्या तोंडात तर मराठी फक्त क्रियापदापुरती उरलेली. पण दाराच्या आत पाय टाकला की बाबांचा कायदा सुरू. आमचे कुणी खापरपणजोबा संस्थानच्या फौजेबरोबर दक्षिणेतून आले होते. "जमीन गेली, मान गेला, भाषा तेवढी उरली," असं बाबा म्हणत, आणि त्या उरलेल्या भाषेला ते जिवापाड जपत. ते कधी रागावत नसत, त्यांची तऱ्हा वेगळीच होती. हिंदी शब्द कानावर पडला की बाबा बहिरे होत. "बाबा, अलमारीची चाबी द्या," म्हटलं की ते शांतपणे सुपारी कातरत राहत. तीनदा म्हटलं तरी ढिम्म. "कपाटाची किल्ली द्या," म्हटलं की लगेच "ही घे," आणि किल्ली हातात. आईचं माहेर देवासचं, तिच्या बोलण्यात माळवीची भर. ती बिचारी भुट्ट्याचा कीस करायची आणि वाढताना "कणसाचा, कणसाचा" असं घोकत बाहेर यायची. सकाळच्या पोह्यांवर शेव आणि जिरावणाचा मसाला भुरभुरताना तिला एक ओळ धड बोलता यायची नाही. मग ती कंटाळून म्हणायची, "अहो, खा आता, पोह्यांना कुठं भाषा असते." बाबांना हसू यायचं, पण कायदा तो कायदा.

त्यातलं एक इथं सांगून ठेवते, कारण पुढचं सगळं त्यावरच अडकलं आहे. धोब्याला कपडे दिले की मी म्हणायची, "गिनून दिले." बाबा बहिरे. "मोजून दिले," म्हटलं की ऐकू येई. दर्जीकडून आल्यावर म्हणायची, "त्यानं ब्लाउजचं कापड नापलं." बाबा पुन्हा बहिरे. "मोजलं," म्हटलं की मान डोलवत. हिंदीत गिनणं वेगळं आणि नापणं वेगळं, हे मला कळत होतं. पण आमच्या उंबऱ्याच्या आत दोन्ही रस्ते एकाच दाराशी जात होते. पुढे मी इंदूरजवळच्या राऊ गावी शाळेत पहिलीला शिकवायला लागले, तेव्हा हिंदी पुस्तकात 'गिनती' हा एक धडा आणि 'नाप-तौल' हा दुसरा धडा होता. दरवर्षी एक संपवून दुसऱ्याकडे वळताना माझा हात फळ्यावर जरा थांबायचा.

बाबा पोलोग्राउंडच्या औद्योगिक वसाहतीतल्या एका छोट्या कारखान्यात तपासनीस होते. लेथवरून उतरलेला प्रत्येक बुश, म्हणजे धातूचं आखूड नळकांडं, प्रत्येक शाफ्ट त्यांच्या टेबलावर यायचा. ते मोजायचे, वहीत लिहायचे आणि सही करायचे. त्यांच्या सहीशिवाय एक तुकडा बाहेर पडत नसे. कारखान्यातले लोक म्हणत, "बाबूजी का नाप, मतलब भगवान का नाप." त्यांचा स्वतःचा मायक्रोमीटर होता, निळ्या मखमलीच्या लाकडी पेटीत. शनिवारी ते तो घरी आणत, तेलाच्या फडक्यानं पुसत आणि मग आमची मोजणी करत. माझा केस, आईचा केस, आईची पोळी, पापड, माझ्या वहीचं पान. शेवटी ते टोकाची बारीक मूठ फिरवत आणि ती कट-कट-कट असा तीनदा आवाज करी. त्या आवाजानंतर बाबा जे सांगत ते माझ्यासाठी शेवटचं असे. एकदा मला टायफॉइड झाला होता. उठल्यावर त्यांनी माझा केस मोजला आणि आईला म्हणाले, "मिलिमीटरचा शंभरावा हिस्सा झिजली आहे पोरगी. तूप वाढव." आई म्हणाली, "सुतावरून स्वर्ग गाठतात हे!" पण तूप वाढलं.

मी बी.एस्सी.ला होते, त्या सुमारास बाबा संध्याकाळी डब्यात तुकडे घेऊन येऊ लागले. पोळ्यांच्या रिकाम्या डब्यात आठ-दहा बुश, फडक्यात गुंडाळलेले. खिडकीपाशी पाट मांडायचा, माझ्या हातात मायक्रोमीटर द्यायचा आणि म्हणायचं, "वाच बघू, नलू. तुझी परीक्षा." मी वाचायची. ते "हं" म्हणून वहीत लिहायचे. कधी चूक काढायचे नाहीत, याचा मला केवढा अभिमान! मैत्रिणींना सांगायची, माझे बाबा मला घरी इंजिनीअरिंग शिकवतात. आज कळतं. गुरू शिष्याची चूक काढत नव्हता, कारण गुरूला आकडा दिसतच नव्हता. दिवसभरात ज्या तुकड्यांची शंका राहिली ते तुकडे बाबा पोरीच्या डोळ्यांनी तपासून घेत होते, आणि सकाळी त्यावर स्वतःची सही करत होते. गणिताच्या पोरीला एवढं साधं उदाहरण सुटलं नाही. आईलाही कळलं नाही. बाबांनी ते आमच्यापासून किती निगुतीनं लपवलं असेल!

मग मी एम.एस्सी.ला गेले आणि घरी यायला उशीर होऊ लागला. कधी पाट मांडलेला असायचा आणि मी दमून म्हणायची, "उद्या वाचू, बाबा?" ते म्हणायचे, "हो हो, उद्या." डबा तसाच कारखान्यात परत जायचा.

आमचे एक सर होते, अर्धं हिंदीत आणि अर्धं इंग्रजीत शिकवायचे. एका दुपारी त्यांनी फळ्यावर एक आडवी रेघ काढली, एका टोकाला शून्य लिहिलं, दुसऱ्याला एक. म्हणाले, "इसके बीच के सारे नंबर गिनकर दिखाओ." आम्ही हसलो. मग ते धरून चालले की कुणीतरी खरंच यादी केली आहे. पहिला, दुसरा, तिसरा, अशी कधीही न संपणारी, सगळी संपूर्ण यादी. आणि त्यांनी पहिल्या आकड्याचा पहिला अंक बदलला, दुसऱ्याचा दुसरा, तिसऱ्याचा तिसरा, आणि त्यातून एक नवा आकडा तयार केला, जो त्या यादीत कुठेच नव्हता. यादी कितीही लांब असो, एक सुटतोच. "अनकाउंटेबल," ते म्हणाले आणि खडू ठेवला. त्या दुपारी मला जे झालं ते मी कुणाला सांगू शकले नाही. अनंतातही लहान-मोठं असतं, आणि त्यातलं मोठं इथं, माझ्या बोटाच्या पेराएवढ्या रेघेत बसलेलं! कधी एकदा घरी जाते आणि बाबांना सांगते, असं मला झालं. एक मिलिमीटर म्हणजे काय हे त्यांच्याइतकं कुणाला ठाऊक होतं?

घरी पोचले तेव्हा दिवेलागण झाली होती. पाट मांडलेला होता, त्यावर फडकं, फडक्यावर बुश. मी त्याकडे पाहिलंसुद्धा नाही. आईनं पानं घेतली होती, डाळ-भात आणि वांग्याचं भरीत. मी बसले ती बोलतच बसले. 'अनकाउंटेबल' म्हटलं असतं तर बाबा बहिरे झाले असते. 'गिनता येत नाही' म्हटलं असतं तरी तेच. म्हणून मी बाबांच्या आवडीचं, स्वच्छ मराठी वाक्य तयार केलं. वाटेत दोनदा घोकलंही होतं.

"बाबा, तो तुमचा एक मिलिमीटर असतो ना, तो मोजताच येत नाही."

बाबांचा घास हातात राहिला. "कुणाला मोजता येत नाही?"

"कुणालाच नाही. माणूस कितीही हुशार असो. त्याला वाटतं आपण सगळं मोजलं, वहीत लिहिलं. पण प्रत्येक वेळी एक सुटलेला असतो."

"सुटलेला?"

"हो. यादी करणाऱ्याला पत्ताही नसतो. दुसरा कुणीतरी येऊन दाखवतो, की हा बघ, हा तुझ्या यादीत नाही. आज सिद्धच झालं ते आमच्याकडे."

आई म्हणाली, "अगं, जेवू दे त्यांना." पण मला कुठला धीर! बाबांनी भाताचा गोळा केला, मोडला, परत केला. मग हळूच विचारलं, "आणि ज्यानं यादी केली, त्याचं काय?"

"त्याचं काय! त्यानं मान्य करायचं. त्याचा दोष नाही बाबा, ते होण्यासारखंच नव्हतं. पण होतंय असं म्हणत राहणं, ते खोटं."

बाबांनी ताटात हात धुतला. एरवी ते कधी ताटात हात धूत नसत. "बरोबर आहे," म्हणाले. "चांगलं सांगितलंस." मी इतकी खुशीत होते की मला त्यांचा आवाज ऐकू आला, पण त्यातलं काही समजलं नाही. जरा वेळानं खिडकीपाशी कट-कट-कट असं वाजलं. पुन्हा वाजलं. मग पेटीचं झाकण बंद झालं.

दुसऱ्या दिवशी बाबा दुपारीच घरी आले. काखेत पेटी, हातात डबा नाही. आईला म्हणाले, "जरा पडतो." संध्याकाळी कारखान्यातला फिटर, रमेशभिया, डबा घेऊन आला. दारातच उभा राहिला. आमच्या घरात हिंदी बोलायचं नाही हे त्यालाही ठाऊक होतं, म्हणून तो कधी उंबरा ओलांडत नसे.

"भाभीजी, बाबूजी का डब्बा. वहीं रह गया था."

आई म्हणाली, "तब्येत खराब है क्या इनकी? कुछ बोलते ही नहीं."

"आपको नहीं बताया?" तो घुटमळला. "नौकरी छोड़ दी भाभीजी. खुद जाके बोल दिया मालिक को, कि आँख से दिखता नहीं, छह महीने से अंदाज पे चला रहा हूँ. पिछले हफ्ते एक बुश वापस आया था ना, वो भी बोल दिया कि मेरे हाथ से छूटा. मालिक तो बोले, अरे बाबूजी, किसने कहा आपसे, बैठो आराम से. नहीं माने." मग त्यानं माझ्याकडे पाहिलं, आणि त्याच्या नजरेत चक्क आदर होता. "बोले, मेरी बेटी ने पकड़ लिया. एम.एस्सी. में है, झूठ नहीं बोलती. और पकड़ा भी कैसे, भिया, कि बाप का मान रह जाए. सीधे नहीं बोली. गणित में बोली."

'ध'चा 'मा' करायला निदान कुणीतरी मुद्दाम अक्षर बदलावं लागतं. आमच्याकडे कुणी काही बदललं नव्हतं. मी एक शब्द उच्चारला, त्यांनी तोच ऐकला, आणि एका माणसाचं काम गेलं. मी आत गेले. बाबा भिंतीकडे तोंड करून पडले होते. मी म्हणणार होते, बाबा, मी तुमच्याबद्दल बोलत नव्हते हो. ओठांवर आलं होतं. पण पुढे काय? डोळे तर खरंच गेले होते. बुश तर खरंच सुटला होता. उद्या एखाद्या यंत्रात भलताच तुकडा बसून कुणाचा हात गेला असता तर? आणि मी काही ओळखलं नव्हतं हे कळलं असतं, तर आपण होऊन सगळं उघडं केल्याची लाज त्यांना खाऊन टाकती. मी पायाशी बसले आणि त्यांचे पाय चेपत राहिले. त्यांनी न वळता म्हटलं, "रागावलो नाही मी. उलट सुटलो." मी गप्प राहिले. शहाणपणानं नाही, भेकडपणानं.

डॉक्टरांनी काचबिंदू सांगितला. गेलेली नजर येणार नाही, उरलेली डोळ्यांत घालायच्या थेंबांवर टिकवू, म्हणाले. अजून सहा महिने काढले असते तर तेवढीही राहिली नसती. एवढं एक वाक्य बाबांनी पकडून ठेवलं. घरी येणाऱ्या प्रत्येकाला चहाबरोबर ती गोष्ट मिळायची. "आमच्या नलूनं वाचवलं मला. ओरडली नाही, चारचौघांत बोलली नाही. म्हणाली, बाबा, एक मिलिमीटर मोजताच येत नाही. मी काय ते समजलो." सांगताना त्यांचा चेहरा उजळायचा. मी बशीत शेव वाढत असायची, आणि दर वेळी चोरी पकडली गेल्यासारखी मान खाली घालायची. लोकांना तो विनय वाटायचा. एम.एस्सी. मी वर्षातच सोडलं. घराला माझ्या पगाराची गरज होती हे खरं, पण तेवढंच खरं नाही. त्या सरांच्या तासाला मला बसवेनाच. ते यादी करू लागले की मला पाट दिसायचा, आणि त्यावर फडक्यात मांडलेले, मी न वाचलेले बुश. परत आलेला बुश त्यातलाच एक असेल, हे मी आजही मनात धरून बसते. राऊच्या शाळेत लागले, तिथंच निवृत्त झाले, आता राहतेही तिथंच. पुण्याहून नोकरीसाठी आलेलं एक जोडपं माझ्या शेजारी राहतं. त्यातली मुलगी म्हणते, "काकू, तुमचं मराठी किती शुद्ध आहे!" ती हे कौतुकानं म्हणते, पण मला ते टोचतं.

आई गेली, बाबा माझ्याकडे राहायला आले. तोवर त्यांना उजेड आणि अंधार एवढंच कळत होतं. परिभाषाकोश सापडला तो त्याच वर्षी. तो घरी आणून मी आठ दिवस कपाटात ठेवला. मग एका दुपारी त्यांना चहा दिला आणि सांगून टाकलं. का सांगितलं? त्यांच्यासाठी नाही. मला ते ओझं टाकायचं होतं, दुसरं काही नाही. तो नवा शब्द सांगितला, मग रेघेचं सांगितलं, यादीचं सांगितलं. मी म्हणाले, मोजणं म्हणजे मला एक-दोन-तीन करणं म्हणायचं होतं, तुमचं मोजणं नव्हे.

बाबांनी कप खाली ठेवला. बोटांनी बशीची कड चाचपली. "म्हणजे, गिनता येत नाही," ते म्हणाले. घराच्या आत त्यांच्या तोंडून तो शब्द मी जन्मात पहिल्यांदा ऐकला.

"हो बाबा."

"नापता येतं."

"नापता येतं. एक मिलिमीटर म्हणजे एक मिलिमीटर."

"तुला डोळ्यांचं ठाऊक नव्हतं तर."

"नव्हतं."

"हिला?"

"आईलाही नव्हतं."

त्यांनी बशी जरा फिरवली. मग अगदी साध्या आवाजात, बस चुकल्यावर बोलावं तसं म्हणाले, "मग आणखी थोडे दिवस कामावर गेलो असतो." मी म्हटलं, "बाबा, थेंब तर वेळेवर मिळाले ना." ते म्हणाले, "ते आहेच." आणि चहा संपवला.

पुढच्या रविवारी रमेशभिया आला. तोही तोवर म्हातारा झाला होता, नातवाच्या स्कूटरवरून यायचा. आता उंबरा ओलांडून आत बसायचा. मी पोहे आणले. त्यानं नेहमीसारखं खुर्ची पुढे ओढून नातवाला म्हटलं, "सुन, बाबूजी से सुन. बाबूजी, सुनाओ ना इसको, बिटिया ने कैसे पकड़ा था."

बाबा शांतपणे बसून होते. रमेशभियानं पुन्हा, जरा मोठ्यानं विचारलं. मग माझ्याकडे पाहून हातानंच खूण केली, कानही गेले का?

बाबांचे कान शेवटपर्यंत शाबूत होते. मी पोह्यांवर शेव घालत राहिले.